रस्ते अपघातातील मृत्यू आणि वारसांची नुकसानभरपाई : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

शासनाने जाहीर केलेली मदत आम्हाला मिळाली आहे. त्यानंतरही नुकसानभरपाईचा दावा करता येतो का?

होय, करता येतो. मोठा अपघात झाला की मृतांच्या वारसांना मदत जाहीर होते. १ जुलै २०२३ रोजी बुलढाणा जिल्ह्यात समृद्धी महामार्गावर खासगी बस पेटून २५ प्रवासी मृत्युमुखी पडले, तेव्हाही राज्य शासनाने प्रत्येकी ५ लाख रुपये जाहीर केले होते. ही रक्कम सानुग्रह असते, म्हणजे शासनाने आपणहून दिलेली असते. मोटार वाहन अधिनियम, १९८८ खालील नुकसानभरपाई हा मात्र कायदेशीर हक्क आहे. ती अपघातास कारणीभूत ठरलेल्या वाहनाच्या चालकाकडून, मालकाकडून आणि विमा कंपनीकडून वसूल होते. बहुतेक अपघातांची वर्तमानपत्रात चार ओळींचीच बातमी येते आणि कोणतीही मदत जाहीर होत नाही. त्या कुटुंबांचा हक्कही तेवढाच पूर्ण असतो.

दावा कोण करू शकतो?

मृताचे कायदेशीर प्रतिनिधी दावा करू शकतात. त्यांत पती किंवा पत्नी, मुले आणि आईवडील हे सर्वसाधारणपणे येतातच, परंतु न्यायालयांनी या शब्दाचा अर्थ वारसा कायद्यातील यादीपुरता मर्यादित ठेवलेला नाही. मृताच्या कमाईवर ज्यांचे घर चालत होते असे भाऊ-बहीण, तसेच जावयाकडे राहणारी सासू यांचेही दावे सर्वोच्च न्यायालयाने ग्राह्य धरले आहेत. विवाहित मुलगीही कायदेशीर प्रतिनिधी आहे. ती अवलंबून नसेल तर तिची रक्कम कमी होईल, पण दावा करण्याचा तिचा अधिकार जात नाही.

व्यवहारात वाद होतो तो सून आणि सासू-सासरे यांच्यात. नवरा गेल्यानंतर सून माहेरी जाते, दोन्ही घरांचे बोलणे बंद होते आणि मग दोन तालुक्यांत दोन वेगवेगळे दावे दाखल होतात. याची काहीच गरज नसते. दावा सर्व प्रतिनिधींच्या वतीने करावयाचा असतो, आणि जे सोबत अर्जदार होण्यास तयार नसतील त्यांना प्रतिवादी म्हणून सामील करण्याची तरतूद मोटार वाहन अधिनियमाच्या कलम १६६ मध्येच आहे. कोणाला किती वाटा द्यायचा हे मोटार अपघात दावा न्यायाधिकरण ठरवते. दोन दाव्यांमुळे रक्कम दुप्पट होत नाही. वर्षे मात्र वाया जातात.

दावा कोठे दाखल करावा?

मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे. अपघात जेथे झाला तेथे, अर्जदार जेथे राहतात किंवा व्यवसाय करतात तेथे, किंवा प्रतिवादी जेथे राहतो तेथे, यांपैकी कोठेही दावा चालतो. बीड जिल्ह्यातील ऊसतोड कामगाराचा कोल्हापूरकडे अपघाती मृत्यू झाला, तर त्याच्या पत्नीने प्रत्येक तारखेला कोल्हापूर गाठण्याचे कारण नाही. ती आपल्या राहत्या ठिकाणच्या न्यायाधिकरणात दावा करू शकते.

दाव्यासाठी मुदत किती आहे?

अपघाताच्या तारखेपासून सहा महिने. १९९४ च्या दुरुस्तीने मुदतीचे बंधन काढून टाकले होते, त्यामुळे "अपघाताच्या दाव्याला मुदत नसते" असे आजही गावोगावी सांगितले जाते. २०१९ च्या दुरुस्तीने कलम १६६(३) मध्ये मुदत पुन्हा घातली आणि ती तरतूद १ एप्रिल २०२२ पासून लागू झाली. या तरतुदीच्या वैधतेलाच आव्हान देण्यात आले असून, ते प्रकरण प्रलंबित असेपर्यंत केवळ मुदतीच्या कारणावरून दावे फेटाळू नयेत, असा अंतरिम आदेश सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२५ मध्ये दिला. ज्यांचे सहा महिने उलटून गेले आहेत त्यांना या आदेशाचा आधार घेता येईल; ज्यांचे उलटलेले नाहीत त्यांनी मात्र या आदेशावर विसंबून थांबू नये, कारण अंतरिम आदेश अंतिम निकालाबरोबर बदलू शकतो.

पोलिसांकडून कोणते कागद घ्यावेत?

प्रथम खबर अहवाल, घटनास्थळ पंचनामा, मरणोत्तर पंचनामा, शवविच्छेदन अहवाल, वाहनाचे नोंदणी प्रमाणपत्र, विमा पॉलिसी, चालकाचा परवाना आणि पुढे दोषारोपपत्र. जखमी व्यक्तीचा काही दिवसांनी रुग्णालयात मृत्यू झाला असेल, तर उपचारांचे सर्व कागद आणि बिलेही जपून ठेवावीत, कारण अपघात आणि मृत्यू यांचा संबंध त्यांतूनच सिद्ध होतो.

यापुढची गोष्ट फार थोड्या कुटुंबांना ठाऊक असते. १ एप्रिल २०२२ पासून लागू असलेल्या केंद्रीय नियमांनुसार तपास अधिकाऱ्याने ४८ तासांच्या आत प्रथम अपघात अहवाल, ५० दिवसांच्या आत अंतरिम अहवाल आणि ९० दिवसांच्या आत सविस्तर अपघात अहवाल न्यायाधिकरणास पाठवणे बंधनकारक आहे. डिसेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या नियमांच्या अंमलबजावणीसाठी सविस्तर निर्देशही दिले. हा सविस्तर अहवालच दावा अर्ज म्हणून हाताळता येतो. म्हणून पोलीस ठाण्यात जाताना "आमच्या प्रकरणात अपघात अहवाल न्यायाधिकरणाकडे पाठवला का?" हा प्रश्न लेखी अर्जाद्वारे विचारावा आणि अर्जाच्या प्रतीवर पोच घ्यावी. तरीही केवळ पोलिसांच्या अहवालावर विसंबून न राहता स्वतःचा अर्ज मुदतीत दाखल करणे अधिक सुरक्षित आहे.

फिर्यादीचा मजकूर सही करण्यापूर्वी वाचून घ्यावा, हे सांगण्याचे कारण असे की दुःखात आणि गडबडीत दिलेला जबाब पुढे कित्येक वर्षे दाव्याच्या मानगुटीवर बसतो. वाहनाचा क्रमांक, अपघाताची वेळ आणि मृत व्यक्ती रस्त्याच्या कोणत्या बाजूने जात होती, या तीन बाबी चुकीच्या नोंदल्या गेल्या तर विमा कंपनीचा वकील उलटतपासणीत नेमके तेथेच बोट ठेवतो.

भरपाईची रक्कम कशी ठरते?

मृताच्या आयुष्याची किंमत कोणीही ठरवत नाही. त्याच्या कमाईतून घरच्यांना जे मिळत होते आणि पुढे मिळाले असते, त्याचा हिशेब केला जातो. या हिशेबाची पद्धत सर्वोच्च न्यायालयाने सरला वर्मा (२००९) आणि प्रणय सेठी (२०१७) या दोन निकालांत निश्चित केली असून देशभरातील न्यायाधिकरणे तीच वापरतात.

प्रथम मृताचे वार्षिक उत्पन्न ठरवले जाते. त्यात भावी उत्पन्नवाढ मिळवली जाते. कायम नोकरी असल्यास वय चाळिशीच्या आत असताना ५० टक्के, ४० ते ५० मध्ये ३० टक्के आणि ५० ते ६० मध्ये १५ टक्के. स्वयंरोजगार किंवा ठरावीक पगार असल्यास हेच प्रमाण अनुक्रमे ४०, २५ आणि १० टक्के असते. त्यातून मृताने स्वतःवर केला असता तो खर्च वजा होतो. अविवाहित व्यक्तीसाठी ही वजावट निम्मी धरतात. विवाहिताच्या बाबतीत अवलंबून असलेल्या व्यक्ती दोन ते तीन असल्यास एक तृतीयांश, चार ते सहा असल्यास एक चतुर्थांश आणि त्याहून अधिक असल्यास एक पंचमांश रक्कम वजा केली जाते. उरलेल्या रकमेला मृताच्या वयानुसार गुणकाने गुणतात. हा गुणक २५ वर्षांपर्यंत १८, २६ ते ३० साठी १७, ३१ ते ३५ साठी १६, ३६ ते ४० साठी १५ असा उतरत जातो आणि ६५ वर्षांवरील व्यक्तीसाठी ५ असतो.

एक काल्पनिक उदाहरण घेऊ. चौतीस वर्षांचा गवंडी, महिन्याचे उत्पन्न १५,००० रुपये, घरी पत्नी, दोन मुले आणि आई. वार्षिक उत्पन्न १,८०,००० रुपये. त्यात ४० टक्के मिळवून २,५२,०००. एक चतुर्थांश वजा जाता १,८९,०००. त्याला १६ ने गुणल्यावर ३०,२४,००० रुपये. याशिवाय मृताच्या मालमत्तेची हानी आणि अंत्यविधीचा खर्च यांसाठी प्रत्येकी १५,००० रुपये, तर सहवासाला मुकल्याबद्दल ४०,००० रुपये, अशा रकमा २०१७ मध्ये ठरल्या आणि दर तीन वर्षांनी त्यांत १० टक्के वाढ करण्याचे निर्देश दिले गेले. २०२० आणि २०२३ अशा दोन वाढींनंतर त्या १८,१५० आणि ४८,४०० रुपये होतात. सहवासाची रक्कम केवळ पत्नीला नव्हे, तर मुलांना आणि आईवडिलांनाही स्वतंत्रपणे मिळते, हे २०१८ पासून स्पष्ट झाले आहे. त्यामुळे या घरात ती चौघांना मिळून १,९३,६०० रुपये होते. एकूण भरपाई ३२,५३,९०० रुपये, आणि त्यावर दाव्याच्या तारखेपासून न्यायाधिकरण ठरवील त्या दराने व्याज.

उत्पन्नाचा लेखी पुरावा नसेल तर?

दाव्याचा खरा कस येथेच लागतो. वरच्याच उदाहरणात महिन्याचे १५,००० रुपये सिद्ध झाले नाहीत आणि न्यायाधिकरणाने ९,००० रुपये धरले, तर ३०,२४,००० ऐवजी १८,१४,४०० रुपये होतात. महिन्याच्या ६,००० रुपयांच्या फरकाने कुटुंबाचे १२ लाखांहून अधिक नुकसान होते. दावा हरणे वेगळे आणि जिंकूनही निम्मे मिळणे वेगळे. दुसरा प्रकार अधिक घडतो आणि त्याबद्दल कोणी बोलत नाही.

नोकरदारासाठी पगारपत्रक, फॉर्म १६ आणि आस्थापनेतील अधिकाऱ्याची साक्ष पुरेशी ठरते. व्यावसायिकासाठी प्राप्तिकर विवरणपत्रे महत्त्वाची असतात, मात्र ती मृत्यूपूर्वी भरलेली असावीत. मृत्यूनंतर भरलेल्या वाढीव विवरणपत्रांकडे संशयाने पाहिले जाते. शेतकऱ्याच्या बाबतीत केवळ सातबारा जोडून थांबण्याची चूक सर्रास होते. सातबारा जमिनीची मालकी दाखवतो, कमाई दाखवत नाही; शिवाय "जमीन तर वारसांकडेच आहे, मग नुकसान काय?" असा युक्तिवाद होतो. म्हणून साखर कारखान्याची ऊसबिले, बाजार समितीच्या पट्ट्या, दूध संस्थेचे पासबुक, पीककर्जाची फेड आणि मृताच्या पश्चात शेती वाट्याने किंवा मजूर लावून करावी लागत असल्याचा पुरावा द्यावा. रोजंदारी मजुराच्या बाबतीत मुकादमाचा किंवा ठेकेदाराचा जबाब, बँक खात्यातील नियमित भरणा, बांधकाम कामगार म्हणून केलेली नोंदणी, मुलांच्या शाळेची फी आणि घरभाडे यांवरूनही उत्पन्नाचा अंदाज बांधता येतो. काहीच नसेल तर न्यायाधिकरण किमान वेतनाच्या आधारे कल्पित उत्पन्न धरते, आणि त्यावरही भावी उत्पन्नवाढ मिळते.

मृत व्यक्ती गृहिणी होती. ती कमावत नव्हती म्हणून भरपाई मिळणार नाही का?

मिळते. घरातील कामाला मोल आहे आणि गृहिणीचे कल्पित उत्पन्न धरून, त्यात भावी वाढ मिळवून भरपाई द्यावी, हे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२१ मध्ये पुन्हा स्पष्ट केले. ग्रामीण भागातील बहुतेक "गृहिणी" शेतात राबतात, जनावरे सांभाळतात, शिवणकाम करतात. दाव्यात मात्र एका शब्दात "घरकाम" लिहून ही सर्व कमाई पुसली जाते. ती तपशिलाने लिहावी.

अविवाहित मुलगा गेला. आईवडिलांच्या वयानुसार गुणक लागतो का?

नाही. गुणक मृताच्या वयानुसारच लागतो. स्वतःवरील खर्चाची वजावट मात्र सामान्यतः निम्मी असते.

"ट्रिपल सीट" होते, हेल्मेट नव्हते, म्हणून दावा फेटाळला जाईल का?

केवळ तेवढ्यावरून नाही. दुचाकीवर तिघे बसणे हा वाहतूक नियमांचा भंग आहे, परंतु त्या भंगामुळेच अपघात घडला किंवा इजा वाढली हे दाखवल्याखेरीज मृताच्या माथी सहदोष, म्हणजे अपघातात त्याचाही वाटा असल्याचा ठपका, मारता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये म्हटले आहे. सहदोष सिद्ध झाला तरी संपूर्ण भरपाई जात नाही, दोषाच्या प्रमाणात कपात होते. मृत व्यक्ती वाहनात केवळ प्रवासी होती आणि दोन्ही वाहनांचे चालक चुकले असतील, तर वारस कोणत्याही एका वाहनाच्या मालक-विमा कंपनीकडून पूर्ण रक्कम मागू शकतात.

फौजदारी खटल्यात चालक निर्दोष सुटला. आता दावा संपला का?

संपला नाही. फौजदारी खटल्यात गुन्हा निःसंशय सिद्ध व्हावा लागतो. न्यायाधिकरणापुढे चालकाची हयगय अधिक संभवनीय आहे एवढे दाखवणे पुरते.

चालकाकडे परवाना नव्हता, असे सांगून विमा कंपनी रक्कम नाकारते आहे. काय करावे?

परवाना नसणे हा विमा कंपनी आणि वाहनमालक यांच्यातील करारभंग आहे. तिऱ्हाईत म्हणून मृत झालेल्या व्यक्तीच्या कुटुंबाला त्याची झळ बसू नये, म्हणून अनेक प्रकरणांत कंपनीने आधी रक्कम भरावी आणि नंतर मालकाकडून वसूल करावी, असा आदेश दिला जातो. तसेच, हलक्या वाहनाचा परवाना असलेला चालक ७,५०० किलोपर्यंतचे मालवाहू वाहनही चालवू शकतो, हे नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने निश्चित केल्यामुळे कंपन्यांचा एक आवडता बचाव बराच निकामी झाला आहे.

वाहनाचा विमाच नसेल तर संपूर्ण जबाबदारी मालकावर येते, आणि मालक म्हणजे नोंदणी पुस्तकात ज्याचे नाव आहे तो. "गाडी मी दोन वर्षांपूर्वीच विकली" हे उत्तर नाव बदललेले नसेल तर टिकत नाही.

टेम्पोतून वऱ्हाड जात होते आणि टेम्पो उलटला. विमा कंपनी जबाबदार असते का?

दुर्दैवाने, बहुधा नाही. मालवाहू वाहनाच्या सक्तीच्या विम्यात मालाचा मालक किंवा त्याचा अधिकृत प्रतिनिधी मालासोबत प्रवास करत असेल तरच त्याची जबाबदारी कंपनीवर येते. लग्नाला, देवदर्शनाला किंवा सभेला निघालेले लोक त्यात येत नाहीत. अशा वेळी चालक आणि मालक यांच्याविरुद्धचा दावा उभा राहतो, पण वसुली मालकाच्या ऐपतीवर अवलंबून राहते. काही प्रकरणांत न्यायालयांनी कंपनीला आधी रक्कम भरण्यास सांगितले आहे, मात्र तो हक्क म्हणून गृहीत धरता येत नाही. अपघातात दुसऱ्या वाहनाचाही दोष असेल तर त्या वाहनाची विमा कंपनी जबाबदार राहतेच, म्हणून पंचनाम्यात दुसऱ्या वाहनाचा उल्लेख आहे की नाही हे ताबडतोब पाहावे. मृत व्यक्ती हमाल किंवा क्लीनर म्हणून कामावर असेल, तर कर्मचारी नुकसानभरपाई अधिनियम, १९२३ चाही मार्ग खुला असतो. मात्र दोन्ही कायद्यांपैकी एकाखालीच भरपाई घेता येते.

दुचाकी स्वतः मृत व्यक्ती चालवत होती आणि चूक तिचीच होती. काहीच मिळणार नाही का?

स्वतःच्या हयगयीने झालेल्या मृत्यूबद्दल कलम १६६ खाली वारसांना भरपाई मिळत नाही. परंतु मालक-चालकाचा १५ लाख रुपयांचा वैयक्तिक अपघात विमा २०१८ पासून वाहन विम्यासोबत घेतला जातो. मृत व्यक्ती स्वतः नोंदणीकृत मालक असेल आणि तिच्याकडे वैध परवाना असेल, तर पॉलिसीत तो भाग आहे का हे तपासावे. बँक खात्यातून वर्षाला २० रुपये कापले जात असतील तर प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेचे २ लाख रुपये मिळतात. मृत व्यक्ती शेतकरी कुटुंबातील आणि १० ते ७५ वयोगटातील असेल, तर गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेखाली २ लाख रुपयांसाठी तालुका कृषी अधिकाऱ्यांकडे ३० दिवसांत प्रस्ताव द्यावा. दिवसकार्य उरकेपर्यंत त्यातले पंधरा दिवस निघून गेलेले असतात, हे घरातील एखाद्या जाणत्या माणसाने ध्यानात ठेवावे.

धडक देऊन वाहन पळून गेले आणि सापडलेच नाही. मग भरपाई कोण देणार?

कलम १६१ खालील २०२२ च्या योजनेनुसार मृत्यूसाठी २ लाख रुपये मिळतात. पूर्वी ही रक्कम केवळ २५,००० रुपये होती. अर्ज अपघात घडला त्या उपविभागाच्या उपविभागीय अधिकारी किंवा तहसीलदार यांच्याकडे, म्हणजे दावा चौकशी अधिकाऱ्याकडे करावा. जिल्हाधिकारी मंजुरी देतात आणि सामान्य विमा परिषद रक्कम बँक खात्यात जमा करते. नंतर वाहन सापडून नेहमीच्या दाव्यात भरपाई मिळाली, तर ही रक्कम त्यातून परत करावी लागते.

विमा कंपनी "दोष सिद्ध न करता ५ लाख" देऊ करते आहे. घ्यावेत का?

कलम १६४ खाली चालकाचा दोष सिद्ध न करता मृत्यूसाठी ५ लाख रुपये मिळतात. ही रक्कम लवकर मिळते, पण ती स्वीकारल्यावर कलम १६६ चा दावा संपुष्टात येतो. मृताचे वय साठीपुढचे असेल, कमाई नसेल आणि दोषाचा पुरावा कमकुवत असेल, तर हा पर्याय विचारात घेण्याजोगा आहे. वरील उदाहरणातील गवंड्याच्या पत्नीने मात्र तो स्वीकारणे म्हणजे ३२ लाखांचा हक्क ५ लाखांत सोडून देणे होय.

एलआयसीचे पैसे आणि कुटुंबनिवृत्तिवेतन मिळाले. ते भरपाईतून वजा होते का?

होत नाही. आयुर्विम्याची रक्कम मृताने स्वतः भरलेल्या हप्त्यांची असते आणि ती अपघातातील दोषी व्यक्तीच्या फायद्याची ठरू शकत नाही, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळ पक्षकार असलेल्या एका प्रकरणात १९९८ मध्येच दिला आहे. निवृत्तिवेतनालाही हेच तत्त्व लागू होते.

विधवेने पुनर्विवाह केला तर तिचा वाटा जातो का?

जात नाही. मुंबई उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये पुनर्विवाहाच्या आधारे भरपाई नाकारण्याचा विमा कंपनीचा मुद्दा फेटाळला आहे.

लोकअदालतीत तडजोड करावी का?

रक्कम वाजवी असेल तर जरूर करावी, कारण कंपनीचे अपील टळते आणि पैसे लवकर हाती येतात. मात्र लोकअदालतीच्या निवाड्याविरुद्ध अपील नसते. म्हणून तेथे जाण्यापूर्वी वरील पद्धतीने आपला हिशेब कागदावर मांडून न्यावा. सभागृहातील गर्दीत, समोरून आकडा सांगितला गेल्यानंतर, हिशेब सुचत नाही.

वकिलांनी मिळणाऱ्या रकमेच्या काही टक्के मागितले आहेत. हे योग्य आहे का?

नाही. निकालातील रकमेच्या टक्केवारीवर फी ठरवण्यास बार कौन्सिल ऑफ इंडियाच्या नियमांनी मनाई आहे. रुग्णालयाच्या आवारात किंवा शवागाराबाहेर गाठून कोऱ्या कागदांवर सह्या घेणाऱ्या मध्यस्थापासून तर दूरच राहावे. महिला आणि मुले यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. त्यासाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरण किंवा तालुका विधी सेवा समितीकडे साधा अर्ज पुरतो.

निकाल लागला. पैसे प्रत्यक्ष कसे मिळतात?

कंपनीने ३० दिवसांत रक्कम भरावयाची असते. ती न भरल्यास कलम १७४ खाली जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसुलीचे प्रमाणपत्र मागता येते. रक्कम कमी वाटल्यास ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते, मात्र वादातील रक्कम १ लाखाहून कमी असल्यास अपील होत नाही. अज्ञान मुलांचा वाटा ती सज्ञान होईपर्यंत मुदत ठेवीत राहतो आणि त्याचे व्याज पालकाला घरखर्चासाठी मिळू शकते. शिक्षण किंवा आजारपण यांसाठी मुद्दल काढायचे असल्यास न्यायाधिकरणाकडे कारणासह अर्ज करावा लागतो. वारसांच्या खात्यांत थेट रक्कम जमा करण्याचे निर्देश सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये दिले आहेत, म्हणून प्रत्येक वारसाचे स्वतःच्या नावाचे बँक खाते, अज्ञान मुलांचेसुद्धा, दाव्याच्या सुरुवातीलाच उघडून त्याचा तपशील अर्जासोबत द्यावा.